बारा वाजले म्हणजे सगळं ठीक आहे

आमची गाडी २००१ ची. एमएच १२. मागच्या काचेवर अजून 'एमपीएफआय' असा स्टिकर आहे, त्यातला एफ उन्हानं उडालाय. आजच्या पोरांना सांगून पटणार नाही, पण कार्बोरेटर जाऊन हे प्रकरण आलं तेव्हा लोक ते स्टिकर असे मिरवायचे जसे आता सनरूफ मिरवतात. म्हणजे काय, तर पेट्रोल किती सोडायचं हे आता कॉम्प्युटर ठरवणार. आणि कॉम्प्युटर आला की त्याच्या तक्रारी आल्या, आणि तक्रार करायला त्याला एक दिवा दिलेला असतो.

तर तो दिवा लागला बरोबर नवले पुलाच्या उतारावर, जिथे माणसाची देवाकडे एकच मागणी असते की ब्रेक लागू दे बाबा, बाकी काही नको. मीटरमधे एकदम पिवळं काहीतरी पेटलं. ते इंजिनाचं चित्र असतं म्हणे. बायकोला ती पाणबुडी वाटते, आईला किटली, आणि चिरंजीवांचं ठाम मत की बाबा, हा नळ आहे आणि तो गळतोय.

लक्षणं आधीपासून होती, पण आपण दुर्लक्ष करतो तसं मी केलं होतं. सकाळी गाडी पहिल्या सेल्फला सुरू, अगदी शहाण्या बाळासारखी. पण दहा किलोमीटर गेलो, दूध घ्यायला पाच मिनिटं थांबलो, की परत सुरू व्हायला तयार नाही. खर्र खर्र खर्र, पेट्रोलचा वास, मागचा रिक्षावाला आपल्या घराण्याची चौकशी करतोय, आणि मग एकदाची भडकून सुरू. अ‍ॅव्हरेज पंधरावरून अकरावर आलेलं. बायको म्हणाली, "तुझ्यासारखंच आहे, एकदा बसलं की उठत नाही."

गॅरेजला नेली. गॅरेजवाल्यानं बॉनेट उघडलं नाही, नुसता दिव्याकडे बघून उसासा टाकला. "साहेब, ईसीएम, म्हणजे गाडीचा कॉम्प्युटर, गेला असणार. अठरा हजार धरून चला." आता या गाडीला पंधरा वर्षं झाल्यावर मी आरटीओत दोनदा चकरा मारून, ग्रीन टॅक्स भरून पाच-पाच वर्षांची मुदत वाढवून आणलीय, ते प्रेमापोटी, विकायला काढली तर चाळीस हजार कुणी देईल की नाही शंका. त्यात अठराचा मेंदू बसवायचा? मी म्हणलं बघतो. 'बघतो' म्हणजे घरी जाऊन मोबाईलवर बघतो.

तिथे कळलं की सगळं जग गाडीचे कोड, म्हणजे त्या दिव्यामागच्या तक्रारींचे नंबर, घरीच वाचतंय. एक निळं पारदर्शक डबडं मिळतं, काड्यापेटीपेक्षा जरा मोठं, आत 'ईएलएम ३२७' नावाची चिप, किंवा त्या चिपची नक्कल, किंवा नकलेची नक्कल. ते गाडीच्या सॉकेटमधे खुपसायचं, ब्लूटूथनं मोबाईलला जोडायचं, अ‍ॅप उघडलं की गाडी मनातलं सगळं बोलायला लागते. साडेचारशे रुपये. अठरा हजारापुढे साडेचारशे म्हणजे कोथिंबीर. मागवलं.

आलं. आता सॉकेट शोधायचं. सोळा पिनांचं, स्टिअरिंगच्या खाली कुठेतरी असतं. रविवारी सकाळी मी मोबाईलचा टॉर्च दातात धरून, पाय बाहेर आणि डोकं क्लचच्या पेडलपाशी अशा अवस्थेत पाऊण तास होतो. तिथे मला पाच रुपयांची दोन नाणी, २०१४ च्या मोरगावच्या प्रसादाची पुडी आणि चिरंजीव दुसरीत असताना हरवलेला पट्टी-पेन्सिलचा सेट सापडला. सॉकेट नाही. सोसायटीतले लोक येता जाता माझ्या पायांना "काय झालं?" विचारत होते.

नंतर वाचलं तेव्हा उजेड पडला. हे सोळा पिनांचं सॉकेट अमेरिकेत १९९६ पासून सक्तीचं, युरोपात पेट्रोल गाड्यांना २००१ पासून, आणि आपल्याकडे हे ओबीडी प्रकरण, म्हणजे गाडीनं स्वतःच आपला बिघाड ओळखायचा, बीएस फोर या धुराच्या नियमांबरोबर आलं, पहिला टप्पा २०१० च्या एप्रिलला आणि दुसरा २०१३ च्या एप्रिलला. आमची गाडी त्याआधीच मॅट्रिक होऊन नोकरीला लागलेली. तिच्यात ते सॉकेटच नाही. मी पाऊण तास जे अवयव शोधत होतो ते तिला जन्मतःच नव्हते.

साडेचारशे वाया जाऊ नयेत म्हणून ते डबडं मी मेहुण्याच्या गाडीला लावलं. मेहुण्यानं वर्षापूर्वीच २०१६ ची गाडी सेकंडहँड घेतलेली, "दाजी, एकदम डॉक्टरांची गाडी आहे, एकच हात" वगैरे. दिवा नव्हता लागलेला, तरी म्हणलं बघू. अ‍ॅपनं गोल गोल फिरून एक कोड दाखवला, अजून पक्का न झालेला, वेटिंग लिस्टमधला. पी०४२०.

चारसोबीस.

मी शपथेवर सांगतो, मी हसलो नाही. लगेच नाही. पी म्हणजे इंजिन-गिअरबॉक्सकडचं, पुढचा शून्य म्हणजे सगळ्या कंपन्यांना कॉमन असलेला कोड, आणि ४२० म्हणजे सायलेन्सरच्या वाटेवरचा कॅटॅलिटिक कन्व्हर्टर धूर नीट साफ करत नाहीये असा संशय. हे सगळं मी त्याला शांतपणे समजावलं. पण तो त्या आकड्याकडेच बघत बसला. "म्हणजे त्यानं मला फसवलं?" म्हणलं अरे फसवणुकीचा तो कायदाच बदलला, जुलै २०२४ पासून ते कलम ३१८ झालंय. त्यावर त्याला बरं वाटेल असा माझा अंदाज होता. तो पुढचे दोन आठवडे बायकोला फोन करायचा पण माझी चौकशी करायचा नाही.

इकडे आमचा दिवा चालूच. मग तळमजल्यावरचे काका आले. ते पिंपरीच्या एका कारखान्यातून रिटायर झालेत, तिथे ते अकाउंट्सला होते पण कारखाना गाड्यांचे पार्ट बनवायचा त्यामुळे गाड्यांवर त्यांचा शब्द शेवटचा. म्हणाले, "काही करू नकोस. बॅटरीची मायनसची तार काढ, दहा मिनिटं थांब, परत लाव. मोबाईल रीस्टार्ट करतोस ना, तसं." केलं. दिवा गेला! काकांनी माझ्याकडे असं बघितलं की मी त्यांच्या पाया पडायचाच बाकी होतो. त्या संध्याकाळी मी त्यांना चहा आणि बाकरवडी दिली.

दुसऱ्याच दिवशी मला जुन्या गाड्यांची खरी युक्ती सापडली, म्हणजे अगदी वेळ निघून गेल्यावर सापडायची तशी. या वयाच्या बऱ्याच जपानी वळणाच्या गाड्यांना स्कॅनर लागतच नाही. बॉनेटखाली बॅटरीजवळ काळ्या रबरी टोपीखाली एक छोटं कनेक्टर लपलेलं असतं, त्यातली ठरलेली दोन भोकं तारेनं एकमेकांना जोडायची, किल्ली फिरवायची पण इंजिन सुरू करायचं नाही, आणि तोच पिवळा दिवा लुकलुकून कोड सांगतो. एकदा लुकलुकला, थांबला, मग तीनदा लुकलुकला, की तेरा. तार नसेल तर पेपरक्लिप चालते.

आमच्या घरात पेपरक्लिप नाही. ऑफिस बंद झाल्यापासून सगळं मेलवर. आईच्या अंबाड्याची यू-पिन होती. आकार तोच, मापही तेच, जपानी इंजिनिअरनं आईचा अंबाडा बघूनच भोकांमधलं अंतर ठरवलं असावं. फक्त त्या पिनेवर काळा रंग असतो, तो टोकाला ब्लेडनं खरवडावा लागतो, नाहीतर करंट जात नाही. आईनं एक काढून दिली, डोक्यातली, आणि म्हणाली, "परत पाहिजे. हल्ली असल्या मिळत नाहीत."

पहिल्या प्रयत्नात चुकीच्या भोकात गेली. 'टच' असा बारीक आवाज, इवलीशी ठिणगी, आणि टेप आणि घड्याळ दोन्ही बंद. फ्यूज. निळा, पंधरा अँपिअरचा, दहा रुपयांत मिळतो, पण त्या ठिणगीनं मी मागे उडालो आणि बॉनेटचा लोखंडी हूक डोक्यात लागला त्याचं टेंगूळ चार दिवस होतं.

दुसऱ्या प्रयत्नाला घरचे सगळे. चिरंजीव किल्ली फिरवायला, बायको दिव्याकडे बघायला, मी पिन धरून बॉनेटखाली, काका मार्गदर्शनाला, आई वर गॅलरीत. किल्ली फिरली.

"एक," बायको म्हणाली. मग जरा शांतता. "एक, दोन." मग मोठी शांतता. "एक. ... एक, दोन."

"एक आणि दोन म्हणजे बारा!" चिरंजीव ओरडले.

"वाजले वाटतं," काका म्हणाले.

वरून आई, "काय रे, काय झालं?"

"आई, गाडीचे बारा वाजले!"

"अरे देवा," आई म्हणाली आणि आत गेली, बहुतेक देवापुढे दिवा लावायला.

मी यादी काढून बघितली. तेरा, ऑक्सिजन सेन्सर. एकवीस, थ्रॉटल. चोवीस, स्पीड सेन्सर. आणि बारा म्हणजे? बारा म्हणजे नॉर्मल. काहीही बिघाड नाही. मेमरीत एकही तक्रार नाही. ज्या कुणी ही यादी केली त्याला मराठी येत नव्हतं हे उघड आहे. जगातले बाकीचे सगळे आकडे सोडून सगळं ठीक आहे हे सांगायला त्यानं बारा निवडावा?

पण काही बिघाड नाही तर अकराचं अ‍ॅव्हरेज कशानं? इथे मला हळूहळू काकांच्या बाकरवडीचा पश्चात्ताप व्हायला लागला. या गाड्या कोड जपून ठेवतात, महिनोन् महिने ठेवतात, फक्त बॅटरीची तार काढली की पाटी कोरी. म्हणजे घरात चोरी झाली, पोलिसांनी ठसे घ्यायच्या आधी काकांनी येऊन फरशी पुसून दिली, आणि मी त्यांना चहा पाजला.

चार दिवसांनी दिवा परत लागला. या वेळी मी कुणाला काही सांगितलं नाही, बॅटरीच्या आसपास कुणाला फिरकू दिलं नाही. रात्री साडेदहाला मी आणि चिरंजीव खाली गेलो, अंधारात दिवा नीट दिसतो म्हणून. पिन मी लावली, किल्लीही मीच आधी फिरवून ठेवलेली, मग पळत येऊन सीटवर बसून मोजलं. चार. एक. चार. एक. एक्केचाळीस! यादीत एक्केचाळीस म्हणजे इग्निशनचा सिग्नल. चिरंजीव म्हणाले, "बाबा, मला तर चौदा दिसतंय." म्हणलं तू लहान आहेस.

दुसऱ्या दिवशी नाना पेठ. स्पार्क प्लग चार, प्लगच्या केबली चार, आणि दुकानदार म्हणाला एवढं करताच आहात तर कॉइल पण टाका, तर कॉइल. सगळे मिळून चौतीसशे. घरी बसवलं, आणि काय सांगू, गाडी एकदम हलकी पळायला लागली, आवाज बदलला, पिकअप आला. बायकोला मुद्दाम चांदणी चौकापर्यंत फिरवून आणलं, "फरक जाणवतोय ना?" ती म्हणाली हो. माणसानं चौतीसशे घातले की त्याला फरक जाणवतोच आणि लग्नाला सतरा वर्षं झाली की शेजारी बसलेल्यालाही जाणवतो. येताना एका दुकानाशी पाच मिनिटं थांबलो. खर्र खर्र खर्र. पेट्रोलचा वास. पिवळी पाणबुडी.

रात्री परत खाली. या वेळी चिरंजीवांनी मोबाईलवर व्हिडिओच काढला, आणि घरी येऊन बायको, तो आणि मी टीव्हीवर लावून बघितला, क्रिकेटच्या थर्ड अंपायरसारखा, मागेपुढे करत. आणि माझी चूक माझ्याच टीव्हीवर बत्तीस इंचात दिसली. दोन आकड्यांच्या मधला थांबा छोटा असतो, साधारण सेकंदभर, आणि पूर्ण कोड संपल्यावरचा मोठा, तीनेक सेकंद, आणि मग तोच कोड पुन्हा पुन्हा. मी किल्ली आधीच फिरवून मग पळत येत होतो, त्यामुळे पहिला 'एक' माझ्या पळण्यात जायचा आणि मी चारपासून मोजायला लागायचो. चौदा चौदा चौदाला मी एक्केचाळीस एक्केचाळीस करून, छोट्या-मोठ्या थांब्याकडे न बघता, चौतीसशेला नाना पेठेत उतरलो होतो. चिरंजीव काही बोलले नाहीत. वडिलांबद्दलचा आदर तसाच दाखवायचा असतो.

"चौदा म्हणजे काय?" बायको.

चौदा म्हणजे कूलंटच्या, म्हणजे इंजिन गार ठेवणाऱ्या पाण्याच्या, तापमानाचा सेन्सर. आणि एकदम सगळी लक्षणं जागेवर बसली. हा सेन्सर म्हणजे एक रेझिस्टन्स, विजेला होणारा अडथळा, थंड असला की जास्त, गरम झाला की कमी. कॉम्प्युटर तेवढ्यावरून ठरवतो इंजिन गार आहे का तापलंय. आता तारेत कुठे अडथळा आला, की रेझिस्टन्स वाढलेला दिसतो, आणि कॉम्प्युटर समजतो बापरे, कसली थंडी. तो बिचारा सकाळी गार इंजिनाला देतात तसं जादा पेट्रोल ओतत राहतो. म्हणून सकाळी मस्त सुरू, तापल्यावर नाही. म्हणून वास, म्हणून अकरा. मीटरमधला काटा मात्र मधोमध शांत, कारण आमच्या गाडीत त्याचा सेन्सर वेगळा. आमची गाडी नोव्हेंबरच्या दुपारी सिंहगड रोडवर, ट्रॅफिकमधे, आपण काश्मीरला आलोय असं समजून चालत होती. आई म्हणाली, "चौदावं रत्न दाखव तिला एकदा." मी ते दाखवून आणलेलं होतं, स्वतःच्या खिशाला.

सेन्सर घ्यायला परत नाना पेठेत जाणार होतो, पण एवढ्या चटक्यानंतर जरा शहाणपण आलेलं. कोड चौदा म्हणतो याचा अर्थ सेन्सर मेला असा नाही, त्या लाइनीवरून तक्रार आलीय एवढाच. सोसायटीच्या तक्रारवहीत 'बी विंगला पाणी नाही' लिहिलेलं असतं म्हणून कुणी बी विंग पाडून नवी बांधत नाही. आधी सेन्सर तपासू. तो तपासायचा पाण्यात. इंजिन पूर्ण गार असताना काढला, तरी वाटीभर हिरवं कूलंट शर्टाच्या बाहीतून काखेपर्यंत आलं, ते जाऊ दे.

घरी एकच थर्मामीटर शंभर डिग्रीपर्यंत जाणारा होता, चिरंजीवांच्या सायन्स किटमधला. पातेलं घेतलं, पाणी घेतलं, सेन्सर स्वच्छ धुऊन दोऱ्यानं लोंबकळत सोडला, मल्टीमीटरच्या दोन पिना क्रोकोडाइल क्लिपनं त्याला, गॅस बारीक. वीस डिग्रीचं पाणी पुण्यात नळाला येत नाही म्हणून फ्रीजचं मिसळलं. अडीच हजार ओहमच्या जरा खाली. चाळीसला अर्ध्यावर. मी आकडे सांगत होतो, चिरंजीव वहीत लिहीत होते, साठ, सत्तर, ऐंशीला तीनशेच्या आसपास. पुस्तकात देतात तसा उतार. मी त्या पातेल्याकडे इतक्या कौतुकानं बघत होतो की बायको कधी मागे येऊन उभी राहिली कळलं नाही.

"ते चहाचं पातेलं आहे."

"सेन्सर एकदम चांगला आहे," मी म्हणालो.

"ते चहाचं पातेलं आहे."

पातेलं नवीन आणलं. स्टीलचं, पाचशे ऐंशी. हिशेबात धरतोय.

म्हणजे सेन्सर निर्दोष. उरली तार आणि तिचं टोक. सकाळी उजेडात ते कनेक्टर हातात घेऊन भिंगातून बघितलं, आणि आतल्या दोन पितळी पानांवर हिरवं चढलेलं, जुन्या तांब्याच्या भांड्यावर चढतं तसं. लॉकचा प्लॅस्टिकचा कान तुटलेला, त्यामुळे कनेक्टर नुसतं टेकून बसलेलं, तापलं की ढिलं. पाणी गेलं होतं आत. आता याच्यावर पाणी कुणी मारलं, या विचारात मी असताना वरून आईनं आठवण करून दिली, की दसऱ्याला गाडीची पूजा होती, तेव्हा बॉनेट उघडून, पाइप लावून, बोटानं धार बारीक करून, "आतूनसुद्धा चकाचक पाहिजे" असं म्हणत अर्धा तास इंजिन कोण धूत होतं. मधे एक कनेक्टर आडवं येत होतं ते ओढून बाजूला कुणी केलं होतं. कान तेव्हाच तुटला असणार. वर त्याला झेंडूची माळ घातली होती.

झिरो नंबरच्या पॉलिश पेपरची बारीक पट्टी करून दोन्ही पानं घासली, स्प्रे मारला, पानं चिमट्यानं जराशी आवळली, आणि कनेक्टर बसवून वरून प्लॅस्टिकचा टाय मारला. खर्च बावीस रुपये. मग बॅटरीची तार काढली, या वेळी समजून उमजून. काका खालून जाताना बघून म्हणाले, "मी तेव्हाच सांगितलं होतं."

त्या संध्याकाळी चाळीस किलोमीटर फिरवली, मुद्दाम सात ठिकाणी बंद करून सुरू केली. सातही वेळा पहिल्या सेल्फला. घरी आलो, पिन लावली, पळालो नाही, किल्ली चिरंजीवांना दिली. एक. एक, दोन. मोठा थांबा. एक. एक, दोन. आम्ही तिघं पाच मिनिटं नुसते ते बघत होतो.

"आई!" मी वर ओरडलो. "बारा वाजले!"

"छान झालं," आई गॅलरीतून म्हणाली. "माझी यू-पिन धुऊन आण."

परवा मेहुण्याचा फोन आला, मला, बायकोला नाही. त्याचा दिवा लागलाय. तो म्हणत होता, दाजी, तुमच्याकडं ती पिन आहे ना, ती घेऊन या. त्याच्या गाडीला सोळा पिनांचं सॉकेट आहे, पिन लागत नाही, ते निळं डबडं लागतं हे मी त्याला सांगितलं. डबड्यावर त्याचा विश्वास उरलेला नाही. त्याला पिनच पाहिजे.